भुयाराच्या काठावर

मोहनरावांनी पायानं पाला बाजूला सारला आणि दोन गड्यांना खूण केली. गड्यांनी पहारी घातल्या, लोखंडी झाकण करकरत उचललं आणि गवतावर पाडलं. खालून कोंडलेली, ओलसर, जराशी आंबूस हवा वर आली. पुढं सरकलेले दहा-बारा शेतकरी नाकाला उपरणं लावून हसत मागं झाले. महिपती हसला नाही. तो चार पावलं जास्तच मागं गेला, आणि पाठीला बोरीचे काटे लागले तेव्हा कुठं त्याला कळलं, आपण मागं आलोय.

"हे ते बाँबचं भुयार!" मोहनराव म्हणाले. "लढाईत साहेबलोकांनी बांधलं. जपानची विमानं इथवर येतील म्हणून."

मोहनराव साखर कारखान्याच्या शेतकी खात्यात ओव्हरसियर. गाळप सुरू व्हायच्या तोंडावर ऊस घालणाऱ्या शेतकऱ्यांना कारखाना दाखवायचं काम त्यांच्याकडं असे आणि ते त्यांना मनापासून आवडे. सकाळपासून त्यांनी चरक दाखवला, रसाच्या कढया दाखवल्या, चिमणी किती फूट ते तीन वेळा सांगितलं. जेवणं झाल्यावर यंदा त्यांच्या डोक्यात आलं, भुयारही दाखवू. लढाई संपून नऊ वर्षं झाली होती. लोकांना गंमत वाटेल.

"भोंगा झाला की पाच मिनिटांत सगळे खाली. साहेब, त्याची मडम, स्वयंपाकी. कुत्रं तर सगळ्यांच्या आधी उतरायचं."

"अन् मजूर?" भिगवणच्या दत्तोबानं विचारलं.

"मजुरांनी उसात पालथं पडायचं."

यावर मंडळी पोट धरून हसली. दत्तोबाला हशा पिकवायला फार आवडे. कुणाच्या वर्मावर बोट ठेवून पिकला तर जास्तच.

"ओव्हरसियर," महिपती म्हणाला. त्याचा आवाज इतका बारीक निघाला की त्याला पुन्हा बोलावं लागलं. "ओव्हरसियर, कवा उघडलं हुतं हे?"

"झाली की तीन-चार वर्षं. का हो?"

  हा वास महिपतीच्या ओळखीचा होता. अकरा वर्षांपूर्वी हाच वास अंथुर्ण्यात त्यांच्या घरामागच्या पेवातून आला होता.

पेव म्हणजे जमिनीच्या पोटात धान्य साठवायची खोल कणगीच म्हणा ना. वर माणूस जेमतेम उतरेल एवढं तोंड, खाली खोलीएवढं पोट. ज्वारी भरून तोंड लिंपून टाकलं की दोन-दोन वर्षं बघायला नको. पण उघडताना घाई करायची नाही, हे पोरासोरांनाही ठाऊक. आत हवा मरते. एक दिवस तोंड उघडं ठेवायचं, मग दोरानं पेटता कंदील सोडायचा आणि शंभर मोजायचे. कंदील तगला तर माणूस तगणार. त्या साली गावात सरकारसाठी सक्तीनं धान्य वसूल करणारे लेव्हीवाले आले होते. उद्या झडती म्हटल्यावर दिवसभर थांबायला सवड नव्हती. आणि लढाईमुळं रॉकेलची अशी टंचाई, की कंदिलात थेंब नव्हता. "काय हुतंय?" म्हणून थोरला भाऊ जोतीराम कमरेला दोर न बांधताच उतरला. तळाला पाय टेकला आणि तो बसला, दमल्यावर बसावं तसा. मग आडवा झाला. महिपतीनं एक पाय पेवात घातला होता. दुसरा काही केल्या उचलला नाही.

जाणत्यांनी तेव्हा सांगितलं, उतरला असतास तर दोन मढी निघाली असती. पटण्यासारखंच होतं ते. पण तोंडं का कुणाची बांधून ठेवता येतात? वर्षभरानं बोलणं फिरलं. भाऊ आत मेला आणि हा काठावर उभा राहिला, असं झालं. पाहुण्यारावळ्यांत पसरलं, बाजारात पसरलं. महिपतीनं कधी कुणाला उलट उत्तर दिलं नाही, कारण आतून त्यालाही तसंच वाटत होतं. त्या पेवात त्यानं माती लोटली. त्यानंतर तो विहिरीतसुद्धा उतरला नाही. मोटेचा दोर खाली अडकला तर शेजाऱ्याला हाका मारी.

"चला, एकेक जण," मोहनराव म्हणाले. "माझ्याजवळ बॅटरी आहे. भ्यायचं कारण नाही."

"बगू तरी, साहेब लोक कुठं लपत हुते," असं म्हणत छबूबाई पुढं झाली.

त्या सगळ्यांत बाई ती एकटीच. जोतीरामाची बायको. नवरा गेल्यावर तिनं वाटणीची जमीन स्वतः कसली, कालव्याच्या पाण्यासाठी पाटकऱ्याशी भांडली, आणि कारखान्यात उसाची नोंद स्वतःच्या नावानं केली. महिपतीशी ती कामापुरतं बोले, पण सरळ बोले. त्या दिवसाबद्दल मात्र अकरा वर्षांत एक अक्षर नाही. तिनं शिव्या दिल्या असत्या तर बरं झालं असतं, असं महिपतीला कैक वेळा वाटून गेलं होतं.

पायऱ्या उभ्या होत्या. तिनं एका हातानं नेसणं सावरलं आणि पहिली उतरली. दुसरी. तिसरी. महिपतीला ती कमरेइतकी जमिनीखाली गेलेली दिसली, आणि मग आपण काय करतोय याचं त्याला भान उरलं नाही. तो धावला, गुडघ्यावर पडला आणि त्यानं तिचा पदर धरून मागं ओढला.

"वैनी! उतरू नगा! वैनी!"

पदर डोक्यावरून निसटला. चार गावच्या माणसांसमोर दिरानं भावजयीच्या पदराला हात घातला होता.  महिपतीनं चटका बसल्यासारखा हात सोडला, पण जागचा हलला नाही. पायऱ्यांच्या तोंडाशी वाट अडवून गुडघ्यावरच राहिला.

"आदी कंदील सोडा," तो धापा टाकत म्हणाला. "हवा मेलेली आसंल. बॅटरीला काय कळतंय? ती कुठंबी जळती. कंदील सोडा, मंग माझ्या अंगावर पाय दिऊन जा."

"अहो, सिमिटाचं बांधकाम आहे! वाऱ्याला नळ्या आहेत," मोहनराव म्हणाले. त्यांना हे सगळं फारच अवघड झालं होतं.

छबूबाईनं पदर डोक्यावर घेतला. खालच्या अंधाराकडं पाहिलं, मग महिपतीकडं. तिसऱ्या पायरीवरून ती शांतपणे वर आली.

"कंदील आणा," ती म्हणाली.

तिचा आवाज असा होता की मोहनरावांनी स्वतः पहारेकऱ्याच्या खोपटाकडं माणूस पिटाळला. कंदील आला, दोर आला. दोर कुणी सोडायचा यावर चर्चा झालीच नाही. तो महिपतीच्या हातात दिला गेला.  भर दुपारी कंदिलाची ज्योत दिसत नव्हती, पण जसजसा कंदील खाली गेला तशी ती पिवळी झाली, स्पष्ट झाली. कंदील तळाला टेकला. ज्योत जरा बसल्यासारखी झाली.  मग सावरली.

तो मोजायला लागला. चाळीसच्या पुढं आकडा चुकला, पुन्हा एकपासून मोजलं. ऊन डोक्यावर, मंडळी चुळबुळ करायला लागलेली. शंभर झाले. त्यानं आणखी पन्नास मोजले. कंदील मजेत जळत होता.

"झालं का समाधान?" मोहनराव म्हणाले.

महिपतीनं मान हलवली. देव पावला, हवा जिवंत होती. पण आता तोंड कुठं लपवावं? मेलेली हवा नव्हतीच. चारचौघांत भावजयीचा पदर ओढला तो फुकट. घामानं त्याचा सदरा पाठीला चिकटला.

"आवं, त्यांचं काय चुकलं?" दत्तोबा मोठ्यानं म्हणाला. "काठावरचाच मानूस त्यो. भाऊ आत तडफडत हुता तवाबी कुठं हालला काठावरनं?"

एक-दोघं हसले. हसू अर्ध्यावरच थांबलं, कारण छबूबाई दत्तोबाच्या पुढ्यात जाऊन उभी राहिली होती.

"दत्तोबा, तुमी हुता तितं?"

"मी कशाला आसतोय? लोकं म्हंत्यात—"

"मी हुते. मालक माझा मेलाय, लोकांचा न्हाय. ह्ये भावजी उतरतच हुते. म्या कमरंला मिठी मारली ह्यांच्या. हिसका देत हुते, म्या सोडलं न्हाय. एक गेलाय, दुसरा जाऊ देनार न्हाय म्हनलं. आता काय बोलायचं त्ये मला बोला."

दत्तोबा एक पाऊल मागं सरला.

महिपतीला वाटलं, आपण भलतंच ऐकलं. वैनी त्या दिवशी अंथुर्ण्यात नव्हतीच. ती डाळजला होती, भावाच्या घरी, बारशाला. गावातले सोपानतात्या गाडी जुंपून तिला आणायला गेले, दिवेलागणीला ती दारात उतरली, तोवर जोतीरामाला ओसरीवर ठेवलेलं होतं. आणि तेच सोपानतात्या आता इथं, झाकणाशेजारी, तळहातावर तंबाखू मळत उभे होते. महिपतीनं त्यांच्याकडं पाहिलं. साऱ्यांनीच पाहिलं.

सोपानतात्यांनी तंबाखूची चिमूट गालात धरली. हात झटकले.

"व्हय तर," ते म्हणाले. "लई घट धरलं हुतं. आमाला सोडवाया लागलं."

 दत्तोबा उगीच पागोटं सारखं करायला लागला. मोहनरावांनी घसा खाकरून पायऱ्या एकंदर बावीस असल्याचं सांगितलं आणि बॅटरी लावून ते उतरायला लागले. त्यांच्यामागं एकेक जण. दत्तोबाही मुकाट उतरला.

छबूबाई काठाशी थांबली होती.

"भावजी, चला."

"न्हाय जमायचं, वैनी."

"मी म्होरं हुते. माझ्या मागनं या. पाय दिसतील न्हवं माझं? तेवढंच बगा."

तो उतरला. भिंतीला दोन्ही हात लावून, बसत बसत, तान्ह्या पोरासारखा. प्रत्येक पायरीला त्याला वाटे, आता आपल्या छातीत ती हवा शिरणार, आता आपणही बसणार. पायऱ्या संपल्या, वळण आलं आणि पलीकडच्या सिमेंटच्या बाकावर तो मटकन बसला. छबूबाई हातभर अंतर ठेवून त्याच बाकावर बसली. जागा मोठी होती, थंड होती. भिंतीवर इंग्रजीत काहीतरी रंगवलेलं होतं आणि कोपऱ्यात वाळूच्या बादल्या होत्या. माणसं हळू आवाजात बोलत होती.

"आता सगळे बसा," मोहनराव म्हणाले. त्यांचा हुरूप परत आला होता. "भोंगा झाला की दिवे घालवायचे आणि गप्प बसायचं, असा हुकूम होता. कसं वाटायचं ते बघा एकदा."

तळाला सोडलेला कंदील त्यांनी आत आणला होता, त्यावर फुंकर मारली. बॅटरीही विझवली. वरच्या तोंडाचा उजेड वळणापर्यंत येऊन संपत होता. इथं आपला हात आपल्याला दिसेना.

कंदील फुंकरीनं विझला, हे महिपतीनं पाहिलं होतं. तरी त्याला वाटलं, हवाच मेली. त्यानं बाकाची कड गच्च धरली. श्वास आत जात होता, बाहेर येत होता. जोतीरामाला शेवटी असंच दिसलं असेल, काहीच न दिसणं. त्याच्या घशातून एक आवाज निघाला, तो त्यानं खोकल्यात दडपला.

मग तो अगदी हळू बोलला, शेजारच्या माणसालाच ऐकू जाईल इतकं.

"वैनी, तुमी तर डाळजला हुता."

 कुणीतरी पलीकडं बाकावर सरकलं.

"व्हय," छबूबाई म्हणाली. "तितं आसते तर धरलंच आसतं."

महिपतीचे डोळे भरून आले आणि मग थांबेचनात. तोंडावर उपरणं धरावं एवढंही त्याला सुचलं नाही.

"झालं, आता लावतो बॅटरी," मोहनराव म्हणाले. "घाबरला असाल सगळे."

"नगा लावू," अंधारातून महिपतीचा आवाज आला. "वाईच ऱ्हाऊ द्या."