घाईनं काढलेला डोळा

मी जपानातल्या ताकासाकीचा दारुमा, नवसाचा बाहुला. कागदाच्या लगद्याचा, लाल, गरगरीत, पाडलं तरी उठून बसणारा. आम्ही जन्मतो बिनडोळ्यांचे. नवस बोलताना ब्रशनं एक डोळा काढायचा, फळला की दुसरा. मग देवळातल्या होमात आमची पाठवणी. त्याचं दुःख नसतं, तेच आमचं सार्थक.

मला घरी आणलं तोमिएबाईंनी. यजमान शिगेझो न्हावी. दुकानाच्या आरशाभोवती एकाच परदेशी अंतराळपटाची चित्रं. गिऱ्हाइकं म्हणायची, "दादा, केस कापा, चंद्रावर नेऊ नका." अन् तीच पुढं तिकिटाच्या रांगेत दिसायची. बाईंनाही नवऱ्यानंच ओढून नेलं होतं. मग वेड दोघांचं झालं. पडद्यावरचं शेवटचं नाव सरून दिवे लागेपर्यंत दोघं खुर्चीतून हलायची नाहीत.

पुढं ते चित्रपट निघायचे थांबले. तेव्हा बाईंनी माझा एक डोळा काढला. "पुढचा भाग येऊ दे, आम्हाला मिळून बघू दे."

वर्ष सरलं की दारुमा देवळात परत द्यायचा. बाई दरवर्षी म्हणायच्या, "अर्धा नवस घेऊन हा कुठं जाईल?" असा मी फडताळावर म्हातारा झालो.

एके सकाळी रेडिओनं सांगितलं, नवा भाग येतोय. शिगेझोंनी वस्तरा ठेवून ब्रश उचलला.

"अहो, थांबा. अजून पाहिलाय कुठं?"

"आला म्हणजे पाहिलाच की."

नव्या डोळ्यानं मला पहिल्यांदा काय दिसलं? बाई चहा पेल्याबाहेर ओतत होत्या. मला दिसलं, यजमानांना नाही. अन् माझं तोंड रंगवलेलं, सांगणार कसं?

चित्रपट लागेपर्यंत बाईंची नजर गेली. तरी दोघं गेली. थिएटरात कुणी चकार शब्द काढत नाही, म्हणून शिगेझोंना पडद्यावरचं काही बाईंना सांगता आलं नाही.

घरी येऊन बाईंनी माझा चेहरा चाचपला. "दुसरा डोळा मोठा झालाय हो."

"घाई केली गं मी."

"असू दे. यानाची घरघर तीच होती."

आज मी देवळाच्या अंगणात, होमात जायच्या दारुमांच्या ढिगावर आहे. समोर बाईंच्या हातात नवा दारुमा आणि ब्रश. मनगट शिगेझोंनी धरलंय.

"नजर माग," ते म्हणतात.

"पुढचा भाग मागते. तो आला की घरी बसून मला सगळा सांगायचा, पहिल्यापासून."

डोळा जरा वाकडा आला.

बायांनो, नवस जरूर बोला, पण फळायच्या आधी फेडू नका. आणि धाकट्या भावा, तुला एकच डोळा मिळालाय. तो बाईंवर ठेव. मी निघतो.