रिळाला दिलेलं ऊन

मेण खरवडून गफारनं रिळाच्या डब्याचं झाकण उचकटलं, आणि ओसरीभर सिरक्याचा आंबट वास सुटला.

"या खुदा!" नूरजहाँनं पदर नाकाला लावला. "लोणचं घातलंतं का वो ह्यात?"

गफार हसला नाही. सृष्टीही हसली नाही. भूकंपात गेलेल्या गावांवर माहितीपट करायला ती पुण्याहून परंड्याला आली होती, आणि उमरग्याकडच्या त्या एका गावाचं हलतं चित्र साऱ्या मुलखात या एकाच डब्यात होतं. तंबू टॉकीजची मशीन चालवायच्या दिवसांत गफारनं मालकाच्या, चावी देऊन चालणाऱ्या फिल्म-कॅमेऱ्यानं तिथल्या उरुसाची गल्ली टिपली होती. रिळाच्या अगदी शेवटी तरन्नुमआपा, त्याची थोरली बहीण. ते गाव तिचं सासर. कमरेवर घागर घेऊन कॅमेऱ्याकडं चालत येणारी. पुढच्याच वर्षी गल्ली बसली, अन् आपा गल्लीखाली.

तिचा फोटो घरात नव्हता. अब्बांना फोटो चालत नसत.

"ठेवलं कसं होतं, चाचा?"

"जपून. दर उन्हाळ्याला तुरीच्या डाळीसंगं ऊन द्यायचो. कडुनिंबाचा पाला घालायचो. मग मेणानं गच्च बंद. मुंगी शिरायची न्हाय."

सृष्टी खाली बघत म्हणाली, "फिल्मला थंडावा लागतो, चाचा. तिच्यातून आंबट वाफ सुटते, ती बाहेर जाऊ द्यावी लागते. आत कोंडली की फिल्म स्वतःलाच खाते."

गफारचा हात डब्यावरच राहिला. "म्हंजी म्याच..."

बाहेरचे थोडे वेढे कसेबसे सुटले. उजेडाला धरले: निशाणं, फुगेवाला, भिंतीची सावली. पुढं रीळ गुळाच्या ढेपेसारखं घट्ट. गफारनं नख घातलं. कपच्या उडाल्या.

"थांबा, चाचा! मोडेल. पुण्याला प्रयोगशाळेत नेऊ."

"आतलं निघंल का? खरं सांग, बाई."

"बाहेरचं थोडं वाचेल. आतलं... नाही."

"न्हाय कसं? आत हाय ती! दोन बोटं आत, बसलीया!" त्यानं पुन्हा नख रुतवलं. चिमटीत काळा चुरा आला. तो उजेडाला धरला, उलटा करून धरला. चुऱ्यात कुणी नव्हतं.

नूरजहाँनं त्याचं मनगट धरलं. ती या घरात आली ती भूकंपानंतर. नणंद तिनं पाहिलीच नव्हती.

"मशीन मिळू दे, दावतो, दावतो म्हणत आलात," ती हळू म्हणाली. "आता मला कोण दावणार? कशा चालायच्या वो आपा?"

गफारनं मनगट सोडवून घेतलं. मग उठला. साठी उलटलेला, गुडघे धरलेला माणूस. अंगणात उतरून पार दारापर्यंत गेला आणि वळला. डावा हात कमरेशी वळवला, नसलेल्या घागरीच्या गळ्याभोवती. मान जराशी कलली. नसलेल्या ओढणीचं टोक दातांत धरलं. उजवं पाऊल किंचित तिरकं टाकत, पाणी हिंदकळू न देता, तो ओसरीकडं चालत आला.

सृष्टीचा कॅमेरा केव्हा सुरू झाला, कळलं नाही. नूरजहाँनं वाटेतलं सूप उचललं, पाय पोटाशी घेतले आणि येणारीला वाट करून दिली.