कडी मी काढली

हॉटेलच्या लाँड्रीत मोठ्या चादरींची घडी दोघींनी मिळून घालायची असते. माझी जोडीदारीण आपल्याच भाषेची, लग्न होऊन या देशात आलेली. मी तिला धाकटी म्हणायचे. चादर ताणायला तिने हात वर केले की बाह्या सरकायच्या आणि दंडावर बोटांचे काळेनिळे डाग दिसायचे. "कपाटाला धडकले, ताई," म्हणायची. कपाटाला बोटं असतात होय गं?

शेवटी एका शनिवारी ती नेसत्या कपड्यांनिशी, पासपोर्टची पिशवी छातीशी धरून माझ्या घरी आली. मार खाणाऱ्या बायकांना आसरा देणारी एक संस्था आहे इथे, सोमवारी सकाळी त्या संस्थेच्या बाई तिला न्यायला येणार होत्या. मधला रविवार तेवढा काढायचा होता.

आम्ही इकडची मंडळी महिन्यातून एकदा हॉल घेऊन आपला सिनेमा बघतो. त्यात हिरो हिरॉइनच्या थोबाडीत मारतो, मग भर चौकात स्वतःचे कान धरतो, ती धावत येते आणि आम्ही बायका डोळे पुसतो. रविवारी भरदुपारी धाकटीच्या नवऱ्याने आमच्या इमारतीखाली अगदी तस्संच केलं. गुडघे टेकले, कान धरले, रडत ओरडला, "तुझ्याशिवाय श्वास अडतो गं माझा!" खिडक्याखिडक्यांतून आपली माणसं डोकावली. कुणी शिट्टी मारली. समोरची वहिनी म्हणाली, "अगं, किती अंत बघशील त्याचा?"

धाकटीने माझं मनगट घट्ट धरलं. "ताई, कडी काढू नका. हे तो दर वेळी करतो. घरी नेऊन जास्त मारतो."

आणि मी शहाणी! माझे डोळे भरून आले होते. माझा नवरा जन्मात कधी माझ्यापुढे वाकला नाही. "चारचौघांत पुरुष एवढा रडतो, ते काय उगाच?" म्हणत मी कडी काढली.

तो वर आला, मला वाकून नमस्कार केला. "ताई, तुमचे फार उपकार झाले. हिचे कागद?" मी पिशवी त्याच्या हातात दिली. जिना उतरताना धाकटीने वळूनसुद्धा पाहिलं नाही. खाली टाळ्या पडल्या.

सोमवारी उजाडताच मी तिच्या घरी गेले, तर खोली रिकामी. घरमालक म्हणाला, सामान घेऊन गेले दोघं, कुठे ते माहीत नाही. तेवढ्यात संस्थेच्या बाईंचा फोन आला. कसंबसं सगळं सांगितलं, पिशवीचं सोडून.

"घाबरू नका," बाई म्हणाल्या. "पासपोर्ट तुमच्याकडेच आहे ना? मग तो तिला देशाबाहेर नेऊ शकणार नाही."