पेनड्राइव्हचा जळफळाट

मित्रांनो, मी एक जुना, टोपण हरवलेला पेनड्राइव्ह आहे आणि सध्या माझा नुसता जळफळाट चालला आहे.

माझा जन्म कुठल्याशा परदेशी कारखान्यात झाला, पण आयुष्य गेलं नागापूरला, कल्याणभाऊंच्या वर्कशॉपमध्ये. तिथे मधुवंतीताई कॉम्प्युटरवर मशिनच्या सुट्या भागांची ड्रॉइंग काढतात. गिऱ्हाइकांनी विश्वासाने सोपवलेली ही ड्रॉइंग बाहेर फुटली, तर वर्कशॉपला पुन्हा कोण काम देणार? म्हणून ती सगळी माझ्या पोटात असत. खंडेनवमीला लेथ मशिनसोबत मलाही हळदकुंकू लागे. या मानाला मी चांगलाच सोकावलो होतो.

परवा कल्याणभाऊ म्हणाले, "ताई, आता ह्यो पेनड्राइव्ह बास झाला. ब्राउझरमदी हे एक्स्टेन्शन टाका. बटन दाबलं की ड्रॉइंग थेट क्लाउडवर. लोकांनी पसंतीच्या लई चांदण्या दिल्यात त्याला."

क्लाउड म्हणजे इंटरनेटवरचं कोठार आणि एक्स्टेन्शन म्हणजे ब्राउझरला जोडायचा छोटासा प्रोग्राम. माझी जागा घ्यायला निघालेलं ते उपरं एक्स्टेन्शन मला डोळ्यांसमोरही नको होतं. ताईंनी मात्र आधी त्याची चौकशी केली.

"भाऊ, हे परवानगी काय मागतंय बघा. आपण उघडू ते प्रत्येक पान वाचणार म्हणे! फायली ठेवायला आपलं बँकेचं पान कशाला वाचायला हवं? आणि बनवणाराही क्लाउडच्या कंपनीचा नाही, भलताच कुणीतरी आहे."

"आन् चांदण्या?"

"चांदण्या काय, कुणीही देतं."

"मग न्हाई टाकायचं," भाऊ म्हणाले.

मला आनंदाच्या उकळ्या फुटल्या! बरी जिरली, असं वाटलं. पण ताईंनी क्लाउडच्या कंपनीनेच बनवलेलं दुसरं एक्स्टेन्शन शोधलं. ते फक्त त्या कोठारापुरतीच परवानगी मागत होतं. त्याला आत घेतलं गेलं आणि माझं तोंड उतरलं.

जुनी ड्रॉइंग काढून घ्यायला ताईंनी मला उचललं आणि त्या थबकल्या.

"भाऊ, हा काल कुठे होता?"

"झेरॉक्सच्या दुकानात. मोठं प्रिंट काढाया गेल्तो न्हवं मी."

"म्हणजे हा दहा ठिकाणी तोंड घालून येतो आणि आपण याला कधी काही विचारतच नाही!"

त्यांनी मला बाजूच्या जुन्या कॉम्प्युटरवर तपासलं. माझ्या पोटात व्हायरस निघाला. ड्रॉइंगांच्या शेजारीच तो बसला होता आणि मला पत्ताही नव्हता.

मित्रांनो, त्या एक्स्टेन्शनचा मला अजून हेवा वाटतो. निदान ते आत येण्याआधी त्याला कुणीतरी विचारलं तरी. नव्याला पारखूनच घ्या, पण मी ओळखीचा आहे म्हणून मला तसंच आत घेऊ नका.