शेवंतीचा हार

१९९३ साली मी आठवीत होते, तेव्हा आमच्या बाईंनी शरीराचा तो धडा "घरी वाचा" म्हणून उलटला. घरी आईने पुस्तकच काढून घेतलं. पहिल्यांदा पाळी आली तेव्हा मी आमच्या वावरात शेवंती तोडत होते. रक्त बघून आता आपण मरणार असं मला खरंच वाटलं. आईने मला जवळ घेतलं नाही. देवाला जाणारी फुलं बाटली म्हणत माझी भरलेली पाटी तिने उकिरड्यावर ओतली. तिच्यावरचा तो राग माझ्या मनातून कधी गेलाच नाही.

त्या रागातच मी विज्ञानाची शिक्षिका झाले. २००७ मध्ये आमच्या नाशिकजवळच्या शाळेत लैंगिक शिक्षणाचे रंगीत तक्ते आले, दोन दिवसांचं प्रशिक्षणही झालं. मी हौसेने एक तास घेतला, तोच मुख्याध्यापक म्हणाले, "भाग्यश्री मॅडम, वरून पत्र आलंय. तक्ते कपाटात टाका, या विषयावर बोलू नका." शिकवा म्हणणारे वरचे आणि शिकवू नका म्हणणारेही वरचेच. माझं डोकं चालेना.

मी तक्ते कपाटात ठेवत होते, तेवढ्यात नववीतली वेदिका आली. तिचे वडील, ज्यांना ती दादा म्हणते, फुलं पिकवतात.

"मॅडम, माझ्यामुळं आमची शेवंती करपली. अडचण असताना मी वावरात गेले. कोणाला सांगितलं नाय. दादा रोज फवारणी करत्यात, माझ्याच्यानं बघवत नाय."

पत्र गेलं खड्ड्यात, असं मनाशी म्हणत मी बोलले. करपा बुरशीने येतो, पाळीतल्या बाईच्या हाताने नाही. फुलं बाटत नाहीत, देवालाही काही होत नाही. ती आधी रडली, मग हसली. मला फार बरं वाटलं.

सोमवारी प्रार्थनेआधी ती शेवंतीचा हार घेऊन आली. "अडचण असताना मीच ओवलाय. सरस्वतीच्या फोटोला तुम्ही घाला."

नेमका माझाही तो दुसरा दिवस होता. हार घ्यायला हात उचलायचा होता, तो उचलेना. का, ते मला आजही सांगता येत नाही.

"तूच घाल ना, वेदिका," मी म्हणाले. "मला आज जमणार नाही."

तिने माझ्याकडे नीट पाहिलं. तिला कळलं. हार टेबलावर ठेवून, ओढणीला हात पुसत ती वर्गात निघून गेली.