उराबेच्या घराची पाटी

“खरं नाव जायचं नाही, उराबे. एकदा सांगितलं ना!” विभागप्रमुख कानेमारूंनी कागद टेबलावर टाकला. “बाकीचे सगळे टोपणनावानं जातात. तुलाच काय सोनं लागलंय?”

उराबे जागचा हलला नाही. ओसाकातल्या या कंपनीत त्याची एकोणीस वर्षं गेली होती. व्हिडिओ गेम बनवणाऱ्यांची खरी नावं दाखवली तर दुसऱ्या कंपन्या माणसं पळवतील, अशी मालकांना धास्ती. म्हणून अकरा गेमच्या शेवटी, श्रेयनामावलीत, तो ‘बोका’ या नावानं झळकला होता. त्या अकरांबद्दल त्याची तक्रार नव्हती; उड्या मारणारी माकडं कुणाच्याही नावावर खपतात. पण हा बारावा, भुताचा, त्याच्या स्वतःच्या डोक्यातून निघालेला. यात भूत दिसतच नव्हतं. चौघांच्या घरात तुम्ही बाहेरून परत यायचं आणि दर वेळी दाराशी काढलेल्या चपलांचा एक जोड जास्त. बस्स. असलं आजवर कुणी केलेलं नाही, हे त्याला पक्कं ठाऊक होतं. ते बोक्याच्या नावावर सोडायला त्याचा जीव होत नव्हता.

“बरं,” तो शेवटी म्हणाला. “नामावलीत बोकाच राहू दे.”

गडी इतक्या लवकर नमला, याचं कानेमारूंना नवलच वाटलं.

दोन आठवड्यांनी सकाळी अखेरची चाचणी झाली. जन्मात गेम न खेळलेलं माणूस बसवायचं, ही उराबेची पद्धत. या खेपेला टपाल बघणाऱ्या निशिवाकीबाई बसल्या. पडद्यावर घर आलं. फाटकाशी, कुठल्याही घराला असते तशी, नावाची पाटी होती: उराबे.

कानेमारूंच्या भुवया चढल्या.

“अगंबाई, तुमचंच घर का हो हे?” बाई म्हणाल्या.

“माझंच. या की!”

बाईंनी पडद्यापुढे मान लववली, “येते हं” म्हटलं आणि मगच बटण दाबलं. पहिल्या फेरीत त्या हसत होत्या. दुसऱ्या फेरीत पुढे वाकून चपला मोजू लागल्या. तिसऱ्यांदा दार सरकलं, तेव्हा त्यांनी हातातलं यंत्र खाली ठेवून दिलं.

“का थांबलात?” कानेमारूंनी विचारलं.

“माणसं चार आणि जोड सात. मी नाही बाई जायची आत.”

“अहो, खोटं घर आहे ते!”

“मग तुम्ही जा ना!”

कानेमारूंनी यंत्र उचललं. पडद्यावरच्या दारापर्यंत गेले. तिथेच उभे राहिले. त्यांचा अंगठा काही केल्या बटणावर जाईना.

“नियम नामावलीचा आहे,” उराबेकडे न बघताच ते पुटपुटले. “पाटीबद्दल त्यात काही म्हटलेलं नाही.” मग यंत्र त्याच्यापुढे धरलं. “तूच जा बाबा. घर तुझं आहे.”

उराबेनं यंत्र घेतलं. त्यानं गेम पुन्हा फाटकाशी आणला, पाटीवरचं नाव सावकाश वाचलं आणि आत गेला.