साडेसात जोड

एका गुणासाठी माझ्या पोरीची शिष्यवृत्तीच्या वर्गातली जागा जाणार म्हटल्यावर माझं डोकंच फिरलं. अर्ध्या दिवसाची रजा टाकली आणि थेट शाळा गाठली. पोरगी सारखी नको ना आई, नको ना करत होती. मी तिला झिडकारलं.

गणिताच्या बाई वह्या तपासत होत्या. त्या बसा म्हणाल्या नाहीत, मीही बसले नाही. पेपर टेबलावर आपटला. प्रश्न असा, की एक बाई चार तासांत साठ कफ शिवते, तर एका तासात किती? पोरीने लिहिलं होतं साडेसात. त्यावर ही मोठी लाल फुली.

बाई म्हणाल्या, साठ भागिले चार, पंधरा. सातवीतल्या मुलीला एवढंही येऊ नये? मी म्हटलं, तुम्हाला शिवणातलं ओ की ठो कळत नाही. बारा वर्षं शर्टांच्या कारखान्यात कफ शिवतेय मी. आमच्याकडे सुटा कफ मोजत नाहीत, जोड मोजतात. एका बाहीचा शर्ट घालतं का कुणी? साठ कफ म्हणजे तीस जोड, तासाला साडेसात. पोरगी घरी रोज हेच ऐकते.

"मग पुढे जोड लिहायचं होतं," बाई थंडपणे म्हणाल्या. "एकक नाही, तर गुण नाही. आणि आवाज खाली."

आवाज खाली करतेय माझी चप्पल. मुख्याध्यापकांकडेच जाते म्हटलं, तर म्हणे खुशाल जा, कारखान्यातली गणितं कारखान्यात ठेवा. माझ्या तळपायाची आग मस्तकात गेली. पोरीला पुढे ढकललं, सांग म्हटलं यांना, तुझंच बरोबर आहे म्हणून.

पोरगी बाईंकडे वळली. "बाई, पंधराच बरोबर आहे. माझं चुकलं."

मी तिचा दंड धरला. जागा जाईल, कळतंय का तुला? तिने दंड सोडवून घेतला.

"जाऊ दे. पुढच्या वेळी मिळवीन. पण तुझं मोजणं मला नको, आई. मला तुझ्या शेजारच्या मशीनवर नाही बसायचं."

बाईंनी माझ्यासाठी खुर्ची सरकवली. त्या फुलीपेक्षा ती खुर्ची मला जास्त झोंबली. पेपरची घडी करून मी पोरीच्या दप्तरात ठेवली आणि कामावर आले.

दुपारी सुपरवायझरने तासाचा आकडा विचारला, तर तोंडातून पंधरा गेलं. डोकं ठिकाणावर आहे का, म्हणाला. मी म्हटलं, नाही.